हा हट्ट नव्हे
(नभोवाणीवरून झालेलें भाषण)

आजच्या भाषणाचा आरंभ मला स्वतःच्या एका अपराधाच्या कबुलीनें करावा लागत आहे. २००७ सालच्या मे महिन्यांतील गोष्ट. पुण्यास आमच्या घरचें एक लग्न होतें. मुहूर्त दुपारचा, कार्यालय माणसांनीं फुलून गेलेलें, बाहेर बँड, आंत ध्वनिवर्धकावर मंगलाष्टकें, डोक्यावर पंख्यांची घरघर, आणि अत्तर, फुलें, घाम व जिलबी यांचा मिळून होतो तो लग्नघरचा खास वास. माझ्या धाकट्या बहिणीचा नऊ वर्षांचा मुलगा सकाळपासून एका खांबाशीं उभा राहून मागेंपुढें डोलत होता. अंगांत नवा भरजरी कुडता होता व त्याची कॉलर तो सारखी ओढीत होता. "आपण घरीं केव्हां जायचें?" हा एकच प्रश्न त्यानें मला निदान वीस वेळां विचारला असेल. मीं प्रथम उत्तर दिलें, मग दुर्लक्ष केलें, शेवटीं दटावलें.

इतक्यांत अक्षता पडल्या. बँडवाल्यांनीं एकदम जोर केला, दारांत फटाक्यांची माळ लागली, आणि त्याच क्षणीं त्या मुलानें जी किंकाळी फोडली ती बँडच्याही वर ऐकूं आली. त्यानें जमिनीवर अंग टाकलें, दोन्ही हातांनीं कान गच्च दाबले आणि तो खांबावर डोकें आपटूं लागला. सारें कार्यालय तिकडे पाहूं लागलें. कोणी म्हणालें, "काय हें वळण!" कोणी म्हणालें, "एकुलता एक दिसतो!" मामा या नात्यानें भाच्याला शिस्त लावण्याचा अधिकार आपल्याकडे आहे, अशी माझी समजूत. मीं त्याचा दंड धरून त्याला उभा केला आणि सर्वांदेखत दोन थोबाडींत दिल्या. तो थांबला नाहीं. उलट त्याचा आवाज चढला, व त्यानें स्वतःच्याच मनगटाला कडकडून चावा घेतला.

माझी बहीण गर्दींतून पुढें आली. "दादा, बाजूला हो," एवढेंच ती म्हणाली. तिनें त्याला मागच्या कोठीच्या खोलींत नेलें, दार लोटलें, दिवा मालवला, त्याच्या अंगांतील कुडता काढला, आणि हातभर अंतरावर जमिनीवर ती स्वस्थ बसून राहिली. समजूत घातली नाहीं, दटावलें नाहीं, जवळही ओढलें नाहीं. पाऊण तासानें मूल झोपीं गेलें. "लाडांनीं बिघडवलें आहे हिनें," असें मनाशीं म्हणत मी पंगतींत जाऊन बसलों.

त्या मुलाला ऑटिझम आहे, हें निदान पुढें दोन वर्षांनीं झालें. त्या दिवशीं माझ्या बहिणीला त्या अवस्थेचें नांव ठाऊक नव्हतें. पण मूल ठाऊक होतें. मला दोहोंपैकीं एकही ठाऊक नव्हतें, आणि शिक्षा करण्याची घाई मात्र होती. ती चूक आपल्यापैकीं कोणाच्या हातून होऊं नये, एवढ्याच हेतूनें आज मी आपणांपुढें बोलत आहें.

ऑटिझमला मराठींत 'स्वमग्नता' हा शब्द आतां रूढ झाला आहे. शब्द सुंदर आहे, पण थोडा फसवाही आहे. कारण त्यावरून असें वाटतें कीं हा माणूस आपल्याच तंद्रींत असून बाहेरचें जग त्याच्यापर्यंत पोंचतच नाहीं. वस्तुस्थिति पुष्कळदां याच्या नेमकी उलट असते. बाहेरचें जग त्याच्यापर्यंत फार पोंचतें, एकदम पोंचतें, आणि न गाळतां पोंचतें. तो रोग नव्हे. ताप येतो आणि उतरतो, तशी ही गोष्ट येत नाहीं व उतरतही नाहीं. मेंदूची घडणच निराळ्या रीतीनें झालेली असते, आणि ती माणसाबरोबर जन्मभर राहते. कोणी अस्खलित बोलतो, कोणाला शब्द मुळींच वश होत नाहींत. कोणी नोकरी करतो, कोणाला अंघोळीपासून मदत लागते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणें सुमारें सव्वाशें माणसांमागें एक माणूस असा असतो. म्हणजे आपल्या वाड्यांत नसला तरी आपल्या आळींत तो खात्रीनें आहे.

१९२५ सालीं मॉस्को येथील ग्रुन्या सुखारेवा या डॉक्टरीणबाईंनीं अशा सहा मुलांचें वर्णन केलें होतें. पण तें बहुतेकांच्या नजरेआड राहिलें. १९४३ सालीं अमेरिकेंत बाल्टिमोर येथें डॉ. लिओ कॅनर यांनीं अकरा मुलांची हकीकत प्रसिद्ध केली, व तेव्हांपासून हा विषय वैद्यकांत स्थिर झाला. कॅनर यांच्या त्या लेखांतील एक निरीक्षण मला फार मोलाचें वाटतें. हीं मुलें मोठ्या आवाजांना व हलत्या वस्तूंना घाबरत. परंतु तींच मुलें स्वतः तेवढाच मोठा आवाज आनंदानें करीत. तेव्हां त्रास नुसत्या आवाजाचा नव्हता, न विचारतां अंगावर चालून येणाऱ्या आवाजाचा होता. आपल्या घरांतला मिक्सर आपल्याला ऐकूंही येत नाहीं, आणि शेजारचा भिंतींतून घुसतो, हा अनुभव आपणां सर्वांना आहे. तोच शतपट करून पाहावा.

पुढें कांहीं काळ या अवस्थेचा दोष आईच्या माथीं मारण्यांत आला. आई मायेनें थंड, म्हणून मूल असें झालें, असें मोठमोठे मनोवैद्य सांगत. १९६४ सालीं बर्नार्ड रिमलंड या मानसशास्त्रज्ञांनीं, जे स्वतः अशा एका मुलाचे वडील होते, ग्रंथ लिहून तें मत खोडून काढलें. लशीला दोष देणारा एक लेख 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकांत १९९८ सालीं आला होता. तो त्याच नियतकालिकानें २०१० सालीं मागें घेतला. आज एवढें निश्चित आहे कीं यांत आनुवंशिकतेचा वांटा मोठा आहे, आणि आईच्या मायेचा किंवा लशीचा यांत कांहीं संबंध नाहीं. हें मी मुद्दाम सांगतों, कारण अजूनही आपल्या घरांतून सुनेला ऐकवलें जातें कीं, "आमच्याकडे असें कोणी नव्हतें."

आतां त्या किंकाळीकडे वळूं. इंग्रजींत तिला 'मेल्टडाऊन' म्हणतात. आपण उद्रेक म्हणूं. उद्रेक म्हणजे काय, हें समजण्यासाठीं स्वयंपाकघरांतील दुधाचें पातेलें डोळ्यांसमोर आणावें. दूध उतूं जातें तें आपल्याला छळावें म्हणून नव्हे. खालीं आंच असते, वर साय धरलेली असते, आंतली वाफ कोंडते, आणि एका क्षणीं सारें वर येतें. त्या वेळीं पातेल्याला बोल लावून उपयोग नसतो. गॅस बंद करावा लागतो. आणि शहाणी गृहिणी दूध उतूं जाण्याच्या आधींच, कडेला बुडबुडे दिसूं लागतांच, आंच कमी करते.

ही आंच कशाची असते? पहिली इंद्रियांची. ज्यांनीं स्वतः हें भोगलें त्यांचीच साक्ष घेऊं. अमेरिकेंतील टेंपल ग्रँडिन या पशुविज्ञानाच्या प्राध्यापिका; जन्म १९४७ सालचा. लहानपणीं मोठा आवाज कानीं पडला म्हणजे दंतवैद्याचें यंत्र शिरेला भिडावें तसें होई, असें त्यांनीं लिहून ठेवलें आहे. माणसांचा स्पर्श त्यांना सोसवत नसे, परंतु सर्वांगावर येणारा सारखा दाब मात्र हवासा वाटे. मावशीच्या गुरांच्या वाड्यावर, लस टोंचतांना जनावर ज्या चौकटींत दाबून धरतात ती त्यांनीं पाहिली, आणि तरुणपणीं त्या नमुन्यावर स्वतःसाठीं एक यंत्र बनविलें. त्यांत शिरून त्या शांत होत. लोक हंसले, पण त्यांना काय हवें होतें हें त्यांनाच ठाऊक होतें.

दुसरी आंच अनपेक्षित बदलाची. नेहमींची बस न येणें, रविवारची पोह्यांची न्याहारी चुकणें, पाहुण्यानें आपल्या खुर्चीवर बसणें या गोष्टी आपल्याला क्षुल्लक वाटतात. ज्याला जग हा गोंधळ वाटतो, त्याला ठराविकपणा हाच कठडा असतो. आणि जिना उतरतांना कठडा निसटला तर कोणीही ओरडेल. तिसरी आंच शब्दांची. दाढ दुखते आहे, भूक लागली आहे, हें आंतून नीट उमगत नाहीं, उमगलें तरी सांगतां येत नाहीं. ज्या मुलाचे उद्रेक अकस्मात् वाढले असतील, त्याचे दांत, कान व पोट डॉक्टरांकडून आधीं तपासून घ्यावेत. आणि चौथी आंच सोंगाची. दिवसभर शाळेंत 'इतरांसारखें' वागून दाखविणारें मूल घराचा उंबरठा ओलांडतांच फुटतें. "आमच्याकडे तर अगदीं शहाण्यासारखा वागतो," असें बाई सांगतात, आणि आई खजील होते. तिनें खजील होण्याचें कारण नाहीं. जेथें फुटलें तरी कोणी टाकून देणार नाहीं, तेथेंच माणूस फुटतो.

तर मग हट्ट आणि उद्रेक ओळखावा कसा? हट्ट करणाऱ्या मुलाचा एक डोळा रडत असतो व दुसरा आपल्याकडे असतो. त्याला कांहीं हवें असतें. तें मिळालें कीं रडें थांबतें, कोणी पाहत नसलें तरी थांबतें. उद्रेकाला प्रेक्षक लागत नाहीं. खेळणें पुढें केलें तरी तो थांबत नाहीं, कारण तो मिळविण्यासाठीं सुरू झालेलाच नसतो. त्यांत मूल स्वतःला इजा करून घेतें, आणि ओसरल्यावर विजयी मुद्रेनें न पाहतां थकून, पुष्कळदां लाजून, पडून राहतें. हट्ट वयाबरोबर सुटतो. उद्रेक चाळिशींतल्या माणसालाही होतो. याचेंच एक मुकें रूप आहे. कांहीं जण ओरडत नाहींत. एकाएकीं गप्प होतात, हलत नाहींत, हांक मारली तरी ओ देत नाहींत. त्यांनाही "तोंड कां शिवलें आहे?" असें विचारूं नये. तेथेंही आंच तीच आहे. फक्त झांकण घट्ट बसलें आहे.

पातेल्याच्या कडेचे बुडबुडे प्रत्येकाचे निराळे असतात, पण असतात खास. डोलणें वाढतें, एकच प्रश्न पुनःपुन्हां येतो, हात कानांकडे जातात, येरझारा सुरू होतात, कानाच्या पाळ्या लाल होतात. माझ्या भाच्याचे ते वीस प्रश्न म्हणजे वीस बुडबुडे होते. त्याच वेळीं मीं त्याला बाहेर झाडाखालीं नेलें असतें, तर पुढचें कांहींच घडलें नसतें. येथें एक गोष्ट विसरूं नये. डोलणें, हात फडफडवणें, बोटांशीं चाळा करणें या क्रिया पाहणाराला विचित्र वाटल्या, तरी तो त्या माणसाचा वाफ सोडण्याचा मार्ग असतो. "हात खालीं!" म्हणून ती वाट बंद करणें म्हणजे कुकरची शिट्टी दाबून धरणें होय.

आणि उद्रेक झालाच, तर? बहिणीनें त्या दिवशीं केलें तेंच करावें. प्रथम इजा होईल अशी वस्तु दूर करावी. डोकें आपटत असेल तर मध्यें उशी, शाल, नाहीं तर आपला तळहात घालावा. मग आंच कमी करावी: दिवा, पंखा, रेडिओ, माणसें. हो, माझें हें भाषणही त्या वेळीं बंद करावें! बोलणें थोडें ठेवावें. समजुतीचे, उपदेशाचे, प्रश्नांचे शब्द त्या क्षणीं अर्थ होऊन पोंचत नाहींत, आणखी एक आवाज होऊन पोंचतात. "मी येथें आहें," एवढें एकदां हलक्या आवाजांत म्हटलें तरी पुरे. त्याला स्पर्श आवडतो हें ठाऊक असल्याशिवाय कवटाळूं नये. "माझ्याकडे पाहा," म्हणूं नये. धरून, दाबून ठेवणें हा जीव वांचविण्यापुरताच शेवटचा उपाय समजावा. आणि घड्याळाकडे पाहूं नये. वादळ आपल्या वेळेनें ओसरतें. ओसरल्यावर पाणी द्यावें, झोपूं द्यावें, आणि त्या दिवशीं जाब विचारूं नये.

एवढ्यावर कांहीं श्रोते म्हणतील, "अशानें शिस्त कशी राहणार?" हाच प्रश्न मलाही होता. त्याचें उत्तर मला भाच्यानेंच दिलें. आज तो पंचविशी ओलांडलेला तरुण आहे. बोलणें त्याला अजून जड जातें, पण टंकलेखन उत्तम येतें. कांहीं वर्षांपूर्वीं मीं धीर करून त्या लग्नाविषयीं त्याची क्षमा मागितली. त्यानें मला उत्तर लिहून दाखविलें तें असें: "मामा, तूं मारलेंस तें मला आठवत नाहीं. बँड आठवतो. मग अंधार आठवतो. अंधार चांगला होता."

श्रोतेहो, हें वाचून माझें ओझें हलकें व्हावयास हवें होतें. तें झालें नाहीं. ज्या शिक्षेनें त्याला वळण लागेल अशी माझी खात्री होती, ती त्याच्यापर्यंत पोंचलीही नव्हती. त्या वणव्यांत ती एक ठिणगी होती, इतकेंच. पोंचला तो आईनें केलेला अंधार. शिस्त म्हणजे शिकवणें असेल, तर त्या दिवशीं त्या कार्यालयांत त्याला कांहीं शिकवलें असेल तर तें तिनें: जग असह्य झालें तरी एक शांत खोली असते, आणि तेथें कोणीतरी जवळ बसतें.

शिकवणें जरूर आहे. पण त्याची वेळ वादळानंतरची, दोन-चार दिवसांनंतरची. घरांत एक वही ठेवावी. उद्रेकाच्या आधीं काय झालें, मग काय झालें, नंतर काय झालें, हें तीन ओळींत टिपावें. महिन्याभरांत वही बोलूं लागते. माझ्या बहिणीच्या वहीनें सांगितलें कीं मंगळवार वाईट जातो. शोध घेतला तेव्हां कळलें कीं मंगळवारीं जिना फिनेलनें धुतला जात होता. उद्यांचा दिवस कसा जाईल तें आदल्या रात्रीं चित्रांनीं वा शब्दांनीं लिहून दाखवावें, व बदल होणार असेल तर तोही लिहावा. बाहेर जातांना कान झांकणारीं साधनें बरोबर असावींत, व परत फिरण्याचा मार्ग आधींच ठरलेला असावा. गणपतीच्या मिरवणुकीला जायचें तर ढोल-ताशांचें पथक येण्याआधीं दर्शन उरकावें. दिवाळींत शेजाऱ्यांना आधीं सांगून ठेवावें. सांगितल्यावर ऐकणारे शेजारी आहेत, हा आमचा अनुभव आहे. आणि बोलतां न येणाऱ्याला "नको", "पुरे", "बाहेर" हे तीन शब्द दाखविण्यासाठीं चित्रांच्या चिठ्ठ्या द्याव्यात. "नको" म्हणतां येऊं लागलें, कीं किंचाळावें लागण्याचे प्रसंग आपोआप कमी होतात. ही कोणाची मेहेरबानी नव्हे. आपल्या देशाच्या २०१६ च्या दिव्यांगांच्या हक्कांविषयींच्या कायद्यांत स्वमग्नतेचा स्पष्ट उल्लेख आहे.

घराबाहेरच्या जगाविषयीं एकच हकीकत सांगतों. दोन वर्षांपूर्वीं दादर स्टेशनवर, संध्याकाळच्या गर्दींत, गाडीचा फलाट ऐन वेळीं बदलला आणि माझा भाचा बांकापाशीं खालीं बसला. कान दाबून तो ओरडूं लागला. लोक भोंवतीं जमले. दोघांनीं फोन वर धरून चित्र घेण्यास आरंभ केला. तेवढ्यांत फुलें विकणारी एक बाई आपली पाटी घेऊन आली. तिनें कांहीं विचारलें नाहीं. पाटी खालीं ठेविली, आमच्याकडे पाठ करून ती उभी राहिली, आणि लोकांना म्हणाली, "चला, आपापली गाडी बघा." तिच्याकडे पाहून आणखी दोघेजण तसेच पाठमोरे उभे राहिले. त्या तीन पाठींच्या आडोशाला वीस मिनिटांत तो सांवरला. त्या बाईनें ऑटिझम हा शब्द ऐकलाही नसेल. कोणाची लाज झांकायची असतां आपण पाठ फिरवावी, एवढें जुनें शहाणपण मात्र तिच्यापाशीं होतें.

२०२४ च्या डिसेंबरांत आमच्या घरीं पुन्हां एक लग्न झालें. या वेळीं निमंत्रण-पत्रिकेबरोबरच भाच्याला दिवसाचा कार्यक्रम लिहून दिला होता. कार्यालयांतील एक खोली त्याच्यासाठीं रिकामी ठेविली. तिला पडदे लावले. बँडला फांटा दिला, फटाके नाहींत. वडीलधाऱ्यांपैकीं दोघे कुरकुरले. सनईवर त्यांची समजूत पटली. भाच्यानें मऊ सुती सदरा घातला, कानांवर साधनें चढविलीं, आणि स्वतः दारांत उभा राहून आल्यागेल्यांना अक्षता वाटल्या. मंगलाष्टकांच्या वेळीं तो खोलींत गेला व पंगतीला परत आला. कोणी त्याच्याकडे वळून पाहिलें नाहीं. मी त्याच्या शेजारच्या पानावर बसलों होतों. त्यानें मला एकच प्रश्न, एकदांच विचारला: "मामा, जिलबी घेणार?"

श्रोतेहो, यापुढें एखाद्या समारंभांत, गाडींत वा दुकानांत एखादें मूल, किंवा मोठें माणूसही, असें कान दाबून ओरडतांना दिसलें, तर त्याच्या आईकडे न्यायाधीशाच्या नजरेनें पाहूं नका. जवळचा आवाज कमी करतां आला तर करा. वाट मोकळी करा. आणि कांहींच सुचलें नाहीं, तर त्या फुलवालीसारखी पाठ फिरवून उभे राहा. एवढें केलेंत, तरी पुष्कळ केलेंत.